तार्तिनीच्या स्वप्नात सैतान खरंच आला होता का?

बेसूर_तरी_हौशी
मंडळी, गेले काही दिवस एकच सोनाटा (व्हायोलिनसाठीची अनेक भागांची रचना) कानात घोळतोय. रचनाकार अठराव्या शतकातला इटालियन व्हायोलिनवादक ज्युझेप्पे तार्तिनी, सोनाटा जी मायनर, टोपणनाव 'डेव्हिल्स ट्रिल', म्हणजे सैतानाची ट्रिल. पंधरा-सोळा मिनिटांचा आहे. सुरुवात इतकी शांत, उदास आणि गोड की सैतानाचा काही संबंध असेल असं वाटतच नाही. शेवटच्या भागात मात्र वादक एका तारेवर ट्रिल (शेजारचे दोन स्वर भराभर आलटूनपालटून) अखंड चालू ठेवतो आणि त्याच वेळी शेजारच्या तारेवर दुसरीच चाल वाजवतो. डाव्या हाताची बोटं तीच, चारच. ऐकताना वाटतं दोन माणसं वाजवताहेत.

गोष्ट अशी सांगतात की १७१३ साली तार्तिनीला स्वप्न पडलं, त्याने सैतानाला आत्मा विकला, सैतान नोकरासारखा राबू लागला. मग गंमत म्हणून त्याच्या हाती व्हायोलिन दिलं तर त्याने असं काही वाजवलं की ह्याचा श्वास अडकला. जाग आल्यावर जे आठवलं ते लिहून काढलं, तो हा सोनाटा.

मला ही लोणकढी वाटते. तुम्हाला काय वाटतं? आणि हा माणूस एवढ्या एकाच तुकड्यावर जगला की आणखीही काही केलं त्याने?

मारव्याचा_मारा
आत्मा विकून पंधरा मिनिटांचाच ऐवज? भाव करता आला नाही वाटतं.

पडघम
@मारवा, त्यावर जीएसटी वेगळा.

खरज
चांगला विषय काढलात. आधी गोष्ट कुठून आली ते पाहू.

स्वप्नाची हकीकत छापून आली ती लालांद नावाच्या फ्रेंच खगोलशास्त्रज्ञाच्या इटलीच्या प्रवासवर्णनात, १७६९ साली. लालांद १७६५-६६ मध्ये इटलीत फिरला होता आणि तार्तिनीनेच आपल्याला हे सांगितलं असं तो लिहितो. म्हणजे गोष्ट मागाहून कुणी रचलेली नाही. पण सांगणारा सत्तरी ओलांडलेला होता आणि स्वप्न एकविसाव्या वर्षीचं. मध्ये पन्नास वर्षं गेली.

सोनाटा छापला गेला त्याच्या मृत्यूनंतर, १७९८ मध्ये पॅरिसला, कार्तिए नावाच्या व्हायोलिनवादकाच्या संग्रहात. अभ्यासकांचं मत असं की ह्याची शैली १७१३ ची नाहीच, १७४० च्या पुढची आहे. तेव्हा स्वप्न पडलं असेलही, पण सकाळी उठून लिहून काढला हे पटत नाही.

एक गोष्ट मात्र लोक सांगताना गाळतात. तार्तिनी पुढे म्हणतो की हा माझा सर्वांत चांगला तुकडा आहे खरा, पण स्वप्नात ऐकलं त्याच्या पासंगालाही पुरत नाही. पोटापाण्याचं दुसरं साधन असतं तर व्हायोलिन मोडून टाकलं असतं. मला ही कबुली सैतानापेक्षा जास्त खरी वाटते.

वितंडवादी
खरजबुवा, 'शैलीवरून काळ ठरवला' हे नेहमीचंच. उद्या कुणी भलतं हस्तलिखित सापडवलं की अभ्यासक दुसरं काहीतरी म्हणतील. आणि माणूस तरुणपणी सुचलेलं म्हातारपणी पुन्हा घासूनपुसून लिहीत नाही का? आपल्याकडे एकच बंदिश चाळीस वर्षं गातात, शेवटी तिचं मूळ रूप गवयालाही ओळखू येत नाही.

खरज
मान्य. पण मग 'उठलो आणि लिहिलं' हे गेलंच ना? मी तेवढंच म्हणतोय.

सांजवात
मला त्याचं आयुष्यच सोनाट्यापेक्षा जास्त नाट्यमय वाटतं. जन्म ८ एप्रिल १६९२, पिरानो गावी. तेव्हा ते व्हेनिसच्या प्रजासत्ताकात होतं, आता पिरान म्हणून स्लोव्हेनियात आहे. वडील मिठागरांचे मोठे अधिकारी. त्यांना मुलाला फ्रान्सिस्कन साधू करायचं होतं. मुलगा पादुआला कायदा शिकायला गेला आणि तिथे पुस्तकांपेक्षा तलवारबाजीत जास्त रमला म्हणतात. १७१० मध्ये अठराव्या वर्षी त्याने एलिसाबेत्ता प्रेमाझोरे हिच्याशी लग्न केलं. ती त्याच्याहून मोठी, घराणं खालचं, आणि पादुआचे बिशप कार्डिनल कोर्नारो ह्यांच्या मर्जीतली. कार्डिनलसाहेब असे भडकले की स्वारीला रातोरात पादुआ सोडावं लागलं. आसरा मिळाला असीसीच्या संत फ्रान्सिसच्या मठात. वडिलांना मुलगा मठात हवा होता, गेला एकदाचा, पण लग्न करून!

तिथे तो पडद्याआड बसून वाजवायचा आणि एकदा वाऱ्याने पडदा उडाला तेव्हा पादुआच्या कुणीतरी ओळखलं, अशीही कथा आहे. ती मी मिठाच्या चिमटीसह घेते, मिठागरवाल्याचाच मुलगा तो.

पडघम
म्हणजे १७१३ ला हा बायकोपासून लांब, मठात लपलेला, खिशात दमडी नाही. सैतान स्वप्नात येणार नाही तर काय होणार?

मारव्याचा_मारा
इंग्रज संगीत-इतिहासकार चार्ल्स बर्नी तर लिहून गेलाय की बायको कजाग होती आणि तार्तिनीने सॉक्रेटिसाच्या सहनशीलतेने संसार केला. कदाचित स्वप्नातला तो सैतान नसेलच.

सांजवात
@मारवा, बर्नी पादुआला पोचला १७७० च्या उन्हाळ्यात, तेव्हा तार्तिनी जाऊन काही महिने झाले होते. २६ फेब्रुवारीला गेला तो. म्हणजे हे सगळं ऐकीव. नवरा कार्डिनलच्या धाकाने पळून जातो, मग परत येतो, मग पुन्हा रियाजाला म्हणून तिला आपल्या भावाकडे ठेवून निघून जातो. कजाग झाली असेल तर नवल काय? तिची बाजू कुणी लिहून ठेवलेली नाही.

स्वरलीन_नाशिक
+१ सांजवातताई.

बेसूर_तरी_हौशी
हे 'पुन्हा रियाजाला' प्रकरण काय आहे?

खरज
१७१६. व्हेनिसमध्ये तार्तिनीने वेरात्चिनीला ऐकलं. फ्रांचेस्को मारिया वेरात्चिनी, फिरेंझेचा (फ्लॉरेन्सचा), त्या वेळचा भलताच तयारीचा व्हायोलिनवादक, बो (व्हायोलिनचा गज) त्याच्या हातात कशीही फिरायची. तार्तिनी चोवीस वर्षांचा. ऐकून इतका खजील झाला की दुसऱ्या दिवशी व्हेनिस सोडलं, बायकोला पिरानोला पाठवलं आणि आंकोनाला जाऊन कोंडून घेतलं. मुख्यतः बोच्या हातासाठी.

मग १७२१ मध्ये पादुआच्या संत अँथनीच्या बॅसिलिकेत पहिल्या व्हायोलिनची जागा मिळाली, तीही परीक्षा न घेता. १७२३ मध्ये सम्राट सहाव्या चार्ल्सच्या राज्याभिषेकासाठी प्रागला गेला, तीनेक वर्षं तिकडे काढली, हवा मानवली नाही म्हणून परत. त्यानंतर पॅरिस-लंडनहून बोलावणी आली तरी पादुआ सोडलं नाही. लांबच्या दौऱ्यांत आणि ऑपेरात पैसा होता, पण हा चर्चच्या नोकरीतच राहिला. ऑपेरा एकही लिहिला नाही. कॉन्चेर्तो (एकल वाद्य आणि वाद्यवृंदाच्या रचना) सव्वाशेच्या वर, सोनाटे दोनशेच्या आसपास. एका तुकड्यावर जगलेला माणूस नाही हा, हौशीराव.

मडगावचो_भुरगो
आमच्या गोव्यात पॅरिश शाळेत सोल्फेज (स्वरलिपी वाचून गाणं) आणि व्हायोलिन शिकवायचे, त्या परंपरेतले माझे आजोबा. त्यांच्याकडे वहीत उतरवलेली तार्तिनीची वेरिएशन्स होती. कोरेल्ली ह्या आधीच्या पिढीतल्या इटालियन व्हायोलिनवादकाच्या एका गावोत्तवर (नाचाच्या चालीवर) तार्तिनीने पन्नास वेरिएशन्स लिहिलीत, 'बोची कला' असंच नाव आहे. चाल तीच, दर वेळी बोचं काम वेगळं. कधी तुटक, कधी सलग, कधी तारा ओलांडत. आजोबा म्हणायचे, सैतान-बितान सोड, आधी ही वाजव. मी पाचव्यालाच दमायचो.

अवांतर: मुंबईच्या सिनेमातले कितीतरी गोवेकर व्हायोलिनवाले ह्याच शाळांतून आले. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस प्यारेलालांचे गुरू.

पडघम
माय नेम इज अँथनी गोन्साल्विस, मैं दुनिया में अकेला...

मारव्याचा_मारा
झालं. आता पन्नास प्रतिसाद ह्याच्यावर.

संपादक
हिंदी सिनेसंगीतासाठी वेगळा धागा आहे. इथे तार्तिनी.

स्वरलीन_नाशिक
मी मुलांना हिंदुस्थानी पद्धतीने व्हायोलिन शिकवते, मांडी घालून, स्क्रोल (व्हायोलिनचं वळलेलं टोक) पायावर टेकवून. तरी तार्तिनीचं एक पत्र माझ्या फार कामाचं आहे.

माद्दालेना लोम्बार्दिनी ही व्हेनिसमधल्या मेंदिकांती ह्या अनाथाश्रम-संगीतशाळेतली मुलगी. १७६० मध्ये ती चौदा वर्षांची होती आणि तार्तिनी सदुसष्ट. ५ मार्चला त्याने तिला पत्रातून व्हायोलिनचा अख्खा धडा लिहून पाठवला. तो मेल्यावर पत्र छापलं गेलं आणि बर्नीने लगेच इंग्रजी भाषांतर केलं.

पत्रात काय आहे? पहिली गोष्ट बो. मोकळ्या तारेवर बो इतकी हलकी टेकवायची की स्वर ठोकल्यासारखा न येता श्वासासारखा सुरू व्हावा. मग हळूहळू वाढवत पूर्ण आवाजावर न्यायचा आणि तसाच उतरवायचा. बो वर जाताना आणि खाली येताना, दोन्हीकडे. रोज तासभर, पण सलग नाही: थोडं सकाळी, थोडं संध्याकाळी. मग कोरेल्लीच्या पाचव्या ओपसमधले (छापील संग्रहातले) जलद भाग, आधी सावकाश, मग चढत्या लयीत. आणि ट्रिल? ती हळू सुरू करून पायरीपायरीने जलद करायची. जगात सैतानाच्या ट्रिलसाठी प्रसिद्ध झालेला माणूस विद्यार्थिनीला सांगतोय, बाई, आधी सावकाश!

आपल्याकडे खरज भरतात ते आणि हे मोकळ्या तारेचं काम एकाच जातीचं आहे. माझ्या वर्गात नवीन मूल आलं की पालकांचा पहिला प्रश्न, 'गाणं कधी वाजवेल?' मी मनात म्हणते, सा तरी सरळ येऊ दे.

ही लोम्बार्दिनी पुढे लग्नानंतर सिर्मेन आडनावाने पॅरिस-लंडनला वाजवून आली, स्वतःचे कॉन्चेर्तो छापले. १७७८ मध्ये लेओपोल्ड मोझार्टने (प्रसिद्ध मोझार्टच्या वडिलांनी) पत्रात तिच्या एका कॉन्चेर्तोची वाखाणणी केलीय.

सांजवात
वा! हिच्यावर वेगळा धागा काढा ना.

वितंडवादी
लेओपोल्ड मोझार्टचं नाव निघालंच आहे तर सांगतो. त्याच्या १७५६ च्या व्हायोलिनच्या पुस्तकात अलंकारांचा बराच भाग तार्तिनीच्या हस्तलिखितावरून उचललेला आहे. तार्तिनीच्या हयातीत ते छापलंच गेलं नव्हतं, नुसतं शिष्यांकडून फिरत होतं. श्रेय वगैरे सगळं नंतरच्या लोकांनी शोधलं. कॉपी-पेस्ट काही आजचं नाही.

त्रिएस्तेकर
उशिरा आलो. त्रिएस्तेला भौतिकशास्त्राच्या संस्थेत काम करतो, पिरान इथून तासाभरावर, त्यामुळे ह्या धाग्यावर न लिहिणं बरं दिसणार नाही. गावचा मुख्य चौक तार्तिनीच्या नावाचा. पूर्वी तिथे आत शिरलेलं छोटं बंदर होतं, ते १८९४ मध्ये बुजवून चौक केला आणि १८९६ मध्ये मधोमध पुतळा उभारला. बाजूलाच त्याचं घर, आत त्याचं म्हणून एक व्हायोलिन ठेवलंय. चौक लंबगोल, गुळगुळीत दगडी, पोरं त्यावर सायकली आणि स्केटबोर्ड हाणत असतात. पुतळ्याच्या हातात बो आहे, आणि वाकून तो त्या पोरांकडेच बघतोय असं वाटतं.

पण तुम्ही सगळे सैतानावर अडलात आणि तार्तिनीला स्वतःला आपली सर्वांत मोठी कमाई कोणती वाटायची ते राहिलंच. तिसरा स्वर!

व्हायोलिनवर दोन तारा एकदम, जोरात आणि अगदी सुरात वाजवल्या की खाली एक तिसराच स्वर ऐकू येतो, जो कुणी वाजवत नाही. त्याची कंपनसंख्या म्हणजे वरच्या दोघांची वजाबाकी. आपल्या भाषेत: सा २४० धरा, पंचम ३६०. वजाबाकी १२०, म्हणजे खालच्या सप्तकातला सा. सा आणि गंधार वाजवा, २४० आणि ३००. वजाबाकी ६०, म्हणजे दोन सप्तकं खालचा सा. तार्तिनी शिष्यांना सांगायचा, दोन तारा वाजवताना खालचा तो स्वर ऐकू आला नाही तर समजा तुम्ही बेसूर आहात.

स्वरलीन_नाशिक
हे मी करून पाहिलंय, ऐकू येतो. फोनवरच्या रेकॉर्डिंगमध्ये मला सापडत नाही, पण व्हायोलिन खांद्याशी धरून वाजवलं की कानाशी गुणगुण येते.

मारव्याचा_मारा
म्हणजे तानपुऱ्यातला स्वयंभू गंधार. आपल्याकडे शेकडो वर्षं माहीत आहे की हे.

त्रिएस्तेकर
नाही, मारवा. स्वयंभू गंधार हा खरजाच्या तारेतच असतो, तिचा पाचवा उपस्वर. जवारीमुळे, म्हणजे घोडीवर तार घासून येणाऱ्या झणकाऱ्यामुळे, तो उठून दिसतो इतकंच. तो वर असतो आणि हवेत खरोखर असतो. तार्तिनीचा स्वर खाली असतो आणि बहुतांशी आपल्या कानातच तयार होतो, कारण अंतर्कर्ण दोन आवाजांची सरळ बेरीज करत नाही. दोन्ही न वाजवता ऐकू येतात हे साम्य खरं, कारण वेगळं.

पेटीवाल्यांसाठी एक गंमत. पेटीचा गंधार ३०० नसून ३०२.४ च्या आसपास असतो. वरच्या स्वरात फरक किरकोळ वाटतो. पण वजाबाकी ६० ऐवजी ६२.४ होते, आणि तिथे हा फरक अर्ध्या स्वराच्या निम्म्याहून जास्त आहे. खालचा सा सरळ चढा लागतो. म्हणून तार्तिनीची कसोटी एवढी कडक. वरचं बेसूर खाली जाऊन मोठं होतं.

पडघम
पेटीवाले येतायत हातात काठ्या घेऊन. मी कडेला बसतो.

वितंडवादी
थांबा. हा शोध त्याला कधी लागला म्हणतो? १७१४, आंकोना. छापला कधी? १७५४, 'त्रात्तातो दी मूसिका' मध्ये. मध्ये १७४५ ला जर्मन ऑर्गनवादक झॉर्गेने हेच छापून टाकलं होतं. आणि १७५४ च्या ग्रंथात तार्तिनीने हा स्वर एक सप्तक वर लिहिलाय, तो दुरुस्त केला थेट १७६७ च्या ग्रंथात. आता हे बघा: स्वप्न १७१३, शोध १७१४. दोन्हीची तारीख आपल्याला कळते ती त्यानेच पुढे दिली म्हणून. तुम्ही एकाला लोणकढी म्हणता आणि दुसऱ्याला विज्ञान!

खरज
वितंडवादी, आज पहिल्यांदाच तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला.

त्रिएस्तेकर
मुद्दा बिनतोड आहे, पण तारखेपुरताच. स्वर खोटा म्हणता येत नाही, कारण दोन तारा आणि एक बो असेल तर कुणीही आत्ता तपासू शकतो. १७१४ हे खरं मानायला मला अडचण वाटत नाही. रोज तासन् तास एकटा दुहेरी तारा घासणाऱ्याला हा ऐकू येणारच.

आणि वाईट वाटतं ते पुढचं. त्या तिसऱ्या स्वरातून त्याने वर्तुळं, चौरस, प्रमाणं वापरून सगळ्या संगीताचं गणित उभारायचा घाट घातला. गणितवाले नाकं मुरडायचे, संगीतवाल्यांना समजायचं नाही. रूसोने आपल्या संगीतकोशात त्याची बरीच दखल घेतली, बोलोन्याचे संगीतपंडित पाद्रे मार्तिनी ह्यांच्याशी वर्षानुवर्षं पत्रव्यवहार चालला. तरी लोकांनी लक्षात ठेवलं ते पलंगाच्या पायथ्याशी बसलेल्या सैतानाला. कार्तिएच्या छापील प्रतीत त्या ट्रिलवर तसं लिहिलेलंच आहे.

सांजवात
अजून एक. तो हस्तलिखितांवर सांकेतिक लिपीत कवितेच्या ओळी लिहून ठेवायचा, मेतास्तासिओ ह्या इटालियन कवीच्या वगैरे. ती लिपी उलगडली ती १९३५ च्या सुमारास, दुनियास नावाच्या अभ्यासकाने. म्हणजे एखादा संथ भाग कोणत्या ओळीवर बेतलाय हे दीडशेहून जास्त वर्षं कुणाला ठाऊक नव्हतं. मला त्याचे संथ भाग त्या ट्रिलहून जास्त आवडतात. ते ऐकताना माणूस गातोय असंच वाटतं.

मडगावचो_भुरगो
त्याचं म्हणून सांगितलं जाणारं १७१५ चं एक स्ट्रॅडिव्हेरियस, 'लिपिन्स्की' नावाचं. जानेवारी २०१४ मध्ये अमेरिकेत मिलवॉकीला कार्यक्रम संपवून वादक बाहेर पडला तर चोरांनी त्याला विजेचा झटका देऊन ते पळवलं. दोनेक आठवड्यांच्या आत पोलिसांनी परत मिळवलं.

मारव्याचा_मारा
जुनी वसुली राहिली असेल.

बेसूर_तरी_हौशी
एवढं मिळेल असं वाटलं नव्हतं. मूळ प्रश्नावर माझं मत आता असं: स्वप्न पडलं असणार, सोनाटा त्यातून आलेला नसणार. वितंडवादींना चालेल?

वितंडवादी
चालणार नाही. पण रात्र झालीय.

बेसूर_तरी_हौशी
:) एक शेवटचं. नवख्याने कुठून सुरुवात करावी?

खरज
सैतानापासूनच करा, पण दोन प्रकारे ऐका. एकदा व्हायोलिनवादक क्राइस्लरच्या आवृत्तीत, पियानोच्या साथीने, त्याच्या कडेंझासकट (साथ थांबून एकट्याने वाजवायचा तुकडा). एकदा आतड्याच्या तारा आणि जुन्या घडणीची बो घेऊन वाजवणाऱ्या कुणाचं. मग 'दिदोने आब्बांदोनाता' नावाचा सोनाटा. मग कॉन्चेर्तोंमधले फक्त संथ भाग, एकामागून एक.

स्वरलीन_नाशिक
आणि घरात व्हायोलिन असेल तर दोन तारा एकदम वाजवून बघा. दार लावून, शेजारचे झोपलेले असतात.

पडघम
आमच्या शेजाऱ्यांना पहिल्या दोन स्वरांचाच त्रास होतो, तिसऱ्यापर्यंत पोचूच देत नाहीत.

संपादक
माद्दालेना लोम्बार्दिनीवरचा धागा स्वरलीन ह्यांनी उघडला आहे. पुढची चर्चा तिकडे करावी. पेटीच्या ट्यूनिंगबद्दल भांडायचं असल्यास जुना धागा वर काढा, नवीन नको.